गाडीचं विचारा : वळताना येणारी कट-कट, फाटलेला बूट आणि एक्सलचा जॉइंट

पाऊस तोंडावर आला की या सदराकडे येणारी पत्रं बदलतात, एसी आणि कूलंट मागे पडतं आणि चाकाकडचे आवाज सुरू होतात. म्हणून या वेळी एकाच विषयावरची पत्रं एकत्र घेतलीयत. ज्यांची गाडी दहा-पंधरा वर्षं जुनी आहे आणि पुढच्या चाकांवर चालते त्यांनी तरी सगळी वाचा, प्रश्न दुसऱ्याचा असला तरी उत्तर तुमच्या कामाचं निघेल.

प्रश्न : माझी 2008 ची आल्टो आहे, वाळपई ते पणजी रोजचं जाणं-येणं. हल्ली पार्किंगमधून गाडी काढताना स्टीअरिंग पूर्ण वळवून क्लच सोडला की पुढून डाव्या बाजूने कट-कट-कट असा आवाज येतो, सरळ रस्त्याला काहीच नाही. एक मेस्त्री म्हणतो दोन्ही एक्सल पूर्ण नवे घाल, दुसरा म्हणतो ग्रीस भरून देतो मग वर्षभर बघायला नको. कोणाचं ऐकू?
— एक वाचक, वाळपई

उत्तर : दोघांचंही लगेच ऐकू नका. आधी तो आवाज नेमका कुठून येतो ते तुम्ही स्वतः बघा, त्याला पैसे लागत नाहीत.

तुम्ही वर्णन केलाय तो आवाज जवळजवळ नेहमी व्हील साइडच्या जॉइंटचा असतो, म्हणजे एक्सलच्या (गिअरबॉक्सपासून चाकापर्यंत जाणारा दांडा, त्यालाच शाफ्टही म्हणतात) चाकाकडच्या टोकाला जो घंटेसारखा लोखंडी गोळा असतो त्याचा. आत सहा पोलादी बॉल असतात, ते बाहेरच्या आणि आतल्या भागात कोरलेल्या चरांमधून सरकतात आणि एक पिंजरा त्यांना जागेवर धरून ठेवतो. चाक वळलेलं असो, खड्ड्यात खाली गेलेलं असो, इंजिनाची ताकद न अडखळता चाकापर्यंत पोचवायची हे त्यांचं काम. गाडी सरळ चालत असते तेव्हा बॉल चरांच्या मधल्या भागातच थोडे हलतात, त्यामुळे झीजही तिथेच सगळ्यात जास्त होते आणि तिथे बारीक खळगा पडतो. मग तुम्ही स्टीअरिंग पूर्ण वळवता तेव्हा प्रत्येक बॉलला त्या खळग्याच्या काठावरून पुढे-मागे जावं लागतं, आणि वर इंजिनाचा जोर असला की तो काठावरून उडी मारतो, तीच तुमची कट-कट. म्हणून सरळ रस्त्याला शांत, वळणावर आवाज. चाकाच्या वेगाबरोबर आवाजाचा वेग वाढत असेल आणि अॅक्सिलरेटर सोडल्यावर तो कमी होत असेल तर मग फारशी शंका उरत नाही.

आता पडताळा कसा घ्यायचा. एखादं मोकळं मैदान बघा, रविवारी सकाळी शाळेचं किंवा देवळासमोरचं मिळतं. पहिल्या गिअरमध्ये स्टीअरिंग पूर्ण उजवीकडे वळवून हळूहळू गोल फिरा, मग पूर्ण डावीकडे, दोन्ही खिडक्या उघड्या ठेवून, शक्य तर एक माणूस बाहेर उभा करून. उजवीकडे वळताना वजन डाव्या चाकावर येतं म्हणून साधारणपणे डावा जॉइंट जास्त बोलतो आणि डावीकडे वळताना उजवा, पण नुसत्या एवढ्यावर निकाल देऊ नका, कारण आवाज बॉडीतून फिरून भलतीकडून ऐकू येतो. स्टीअरिंग एका बाजूला पूर्ण वळवून गाडी थांबवा, इंजिन बंद करा, हँडब्रेक ओढा आणि टॉर्च घेऊन चाकाच्या मागे बघा. जॉइंट झाकणारा घड्या घड्यांचा काळा रबरी बूट दिसेल. तो फाटलेला असेल, आणि रिमच्या आतल्या बाजूला, शॉकअपवर, लोअर आर्मवर (चाकाला खालून धरणारा दांडा) काळं ग्रीस उडालेलं असेल तर दोषी सापडला. घडीच्या खोबणीत बारीक चीर असते ती पटकन दिसत नाही, म्हणून बूट हाताने थोडा ताणून बघा.

ग्रीस भरून देतो म्हणणाऱ्या मेस्त्रीबद्दल : ज्या जॉइंटने बोलायला सुरुवात केली त्याच्या चरांतलं पोलाद आधीच गेलेलं आहे. नवीन ग्रीसने आवाज काही दिवस दबतो, गेलेलं पोलाद परत येत नाही. दोन्ही पूर्ण एक्सल घाल म्हणणाऱ्याबद्दल : उजव्या बाजूचा जॉइंट गप्प असेल आणि त्याचा बूट शाबूत असेल तर तो बदलायचं काहीच कारण नाही. तसंच डाव्या एक्सलचा गिअर साइडचा जॉइंट चांगला असेल, शाफ्टचे दाते झिजलेले नसतील, तर फक्त व्हील साइडचा जॉइंट बदलून काम होतं. काही जुन्या गाड्यांच्या मॅन्युअलमध्ये हा जॉइंट शाफ्टपासून वेगळा करू नका, अख्खा शाफ्ट बदला असं लिहिलेलं असतं हे खरं, पण जॉइंट, बूट, ग्रीस, क्लिपा आणि नट असा सुटा किट बऱ्याच जुन्या मॉडेलना बाजारात मिळतो आणि जाणता मेस्त्री तो नीट बसवतो. माझं मत विचाराल तर डावा जॉइंट नवा, चांगल्या कंपनीचा, आणि त्याच वेळी उजव्या बाजूचा बूटही नवा. तो बूटही तेवढाच म्हातारा आहे, आज ना उद्या फाटणार, आणि बूटला लागतात काहीशे रुपये तर जॉइंटला हजारांत मोजावे लागतात.

किती दिवस अशी चालवू असं तुम्ही विचारलं नाहीत, पण सांगतो, कारण बरेच जण "आवाजच तर येतोय" म्हणून वर्ष वर्ष काढतात. सुरुवातीची हलकी कट-कट असेल तर जॉइंट त्याच दिवशी तुटत नाही. पण आवाज पूर्ण वळवल्याशिवायही यायला लागला, साध्या वळणावर, मग सरळ रस्त्यावर धडधड जाणवू लागली, की आता गाडी उभीच करायची. जॉइंट तुटला तर डिफरन्शियल, म्हणजे दोन्ही चाकांत ताकद वाटणारा भाग, सगळी ताकद त्या मोकळ्या बाजूला पाठवतं, इंजिन ओरडतं आणि गाडी जागेवर. चोर्ला घाटात चढणीच्या वळणावर असं झालं तर काय होईल याचा विचार करा. आणि एक गोष्ट घरातल्या सगळ्यांना सांगून ठेवा, एक्सल तुटलेला असताना गाडी गिअरमध्ये टाकून उभी केली तरी ती थांबून राहत नाही, कारण गिअरबॉक्स आणि चाकं यांचा संबंधच सुटलेला असतो. हँडब्रेक मागच्या चाकांवर आहे, तोच धरेल, आणि सोबत चाकाखाली दगड लावा.

प्रश्न : माझ्या 2011 च्या वॅगन आरचा सर्व्हिसिंगला टाकल्यावर एका बाजूचा एक्सल बूट फाटल्याचं कळलं. आवाज वगैरे अजिबात नाही. गॅरेजवाले म्हणतात जॉइंटच बदलूया ताई, नंतर कटकट नको. फक्त बूट बदलला तर चालेल का?
— एक वाचक, म्हापसा

उत्तर : चालेल, पण आधी जॉइंट उघडून, धुऊन, बघून. बूट कधी फाटला हे कोणालाच माहीत नाही, इथेच सगळा प्रश्न आहे.

बूट फाटला की दोन गोष्टी होतात. चाक फिरताना आतलं ग्रीस चिरेतून बाहेर फेकलं जातं आणि त्याच चिरेतून बाहेरचं आत येतं. आपल्याकडे बाहेरचं म्हणजे काय ते तुम्हाला माहीत आहे, चिऱ्याची लाल धूळ, पावसात तिचा चिखल, उसगाव-सावर्डे-डिचोलीच्या बाजूला त्यात खनिजाची बारीक भुकटी. ग्रीस आणि ही धूळ एकत्र झाली की तयार होतो तो घासायचा मसाला, जो पोलाद खातो. उन्हाळ्यात कोरड्या रस्त्यावर फाटलेल्या बूटने जॉइंट बरेच दिवस तग धरतो, पण एक पूर्ण पावसाळा तसाच काढला असेल तर आशा कमीच.

म्हणून गॅरेजला सांगा, जॉइंट काढा, केरोसीन किंवा डिझेलने स्वच्छ धुवा, पूर्ण वाळवा आणि मला दाखवा. हे मागायला अजिबात संकोच करू नका, गाडी तुमची आहे. बॉल एकेक करून बघायचे, चरात बोट फिरवायचं. नुसती चकाकणारी पट्टी दिसली तर ती नेहमीची, ती चालते. नखाला अडेल असा खळगा, खरबरीत खपली, गंजाचे डाग, पिंजऱ्याच्या खिडकीत बॉल सैल हलणं, यातलं काहीही दिसलं तर गॅरेजवाल्यांचं बरोबर, जॉइंट बदला. हे काही नसेल तर नवं ग्रीस, नवा बूट, नव्या क्लिपा आणि निर्धास्त राहा.

बूट बदलताना एक पळवाट सुचवली जाते, उभा चिरलेला बूट मिळतो तो शाफ्ट न काढता वरूनच गुंडाळून चिकटवतात. लांब प्रवासात अडकलात तर घरी पोचायला ठीक, कायमचा म्हणून नको. चिकटवलेली शिवण त्याच जागी पुन्हा उकलते, आणि तोवर आत काय गेलं ते धुतलेलंही नसतं.

प्रश्न : मी आयटीआयमध्ये मोटर मेकॅनिक केलंय, आता दुसरीकडे नोकरी आहे पण हात अजून चालतो. वडिलांची मारुती 800 घरी आहे, ती विकायची नाही. व्हील साइड जॉइंट मी घरीच अंगणात बदलायचा म्हणतोय. काय काय सांभाळायचं ते सविस्तर सांगाल का?
— एक वाचक, पेडणे

उत्तर : शिकलेला हात असेल तर जरूर करा. काम अवघड नाही, जड आणि घाणेरडं आहे, आणि दोन-तीन जागी घाई केली तर नुकसान करणारं आहे. त्या जागांवर मी जास्त बोलतो, बाकीचं तुम्हाला येतंच.

सगळ्यात आधी सामान आणा आणि जुन्याशी ताडून बघितल्याशिवाय काम सुरू करू नका. एकाच नावाच्या गाडीला वेगवेगळ्या वर्षी वेगळे जॉइंट आलेले असतात. आतले दाते मोजा, हबमध्ये (चाक ज्यावर बसतं तो मधला भाग) जाणाऱ्या टोकाचे दाते मोजा, बाहेरचा व्यास आणि थ्रेडची लांबी बघा, आणि एबीएस असलेल्या गाडीत जॉइंटवरची दातेरी रिंग आहे का तेही, तुमच्या 800 ला तो प्रश्न नाही. दुकानदाराला गाडीचं वर्ष आणि चेसिस नंबर द्या. रविवारी गाडी उघडून बसल्यावर एक दाता कमी निघाला तर सोमवारपर्यंत अंगणात तीन चाकांवर गाडी.

हब नट गाडी जमिनीवर असतानाच सैल करायचा. मधली टोपी काढा, स्प्लिट पिन असेल तर ती सरळ करून ओढा, नटाची कड ठोकून दाबलेली असेल तर ती छिन्नीने उचला, मग कोणाला तरी ब्रेकवर उभं करा आणि लांब दांडा लावून नट सोडा. जॅकवर चढवलेल्या गाडीला हे जोराचं काम करायचं नाही, गाडी खाली येते. सैल म्हणजे नुसता सुटा, काढायचा नाही. आणि नट काढल्यावर किंवा एक्सल हबमधून काढल्यावर गाडी चाकावर ढकलायची नाही, कारण कित्येक हबमध्ये बेअरिंगला दाबून धरणारा तो नट आणि तो जॉइंटच असतो, वजन तसंच पडलं तर बेअरिंग जातं.

मग पुढे जॅक, आणि जॅकवर विसंबायचं नाही, खाली भक्कम स्टँड. आपली अंगणं बऱ्याचदा मातीची किंवा शेणाने सारवलेली, त्यात स्टँड रुततो, म्हणून खाली जाड फळी टाका. मागच्या चाकांना दोन्हीकडून दगड. काढलेलं चाक गाडीच्या बाजूखाली आडवं सरकवून ठेवा, स्टँड घसरलाच तर गाडी त्यावर बसेल, तुमच्यावर नाही. हे वाचून सोडून देऊ नका, जुन्या गाडीखाली माणसं मरतात ती अशाच घरगुती कामात.

चाक काढल्यावर लोअर आर्मचा बॉल जॉइंट सोडवायचा म्हणजे नकल, हब धरून ठेवणारा लोखंडी भाग, बाहेर ओढता येतो आणि एक्सलचं टोक हबमधून सुटतं. ब्रेकचा होज ताणू देऊ नका, कॅलिपर काढावा लागला तर तारेने स्प्रिंगला बांधा, होजवर लोंबकळत ठेवू नका. एक्सलचं टोक हबमध्ये गंजून बसलेलं असतं, समुद्राच्या बाजूच्या गाड्यांत तर हमखास, पेडण्यात मोरजी-मांद्र्याकडे राहत असाल तर आदल्या रात्रीच गंज सोडवणारं तेल मारून ठेवा. तरी नाही निघालं तर नट दोन-तीन आटे उलटा लावून वर लाकडाचा ठोकळा धरून ठोका, सरळ लोखंडी हातोड्याने थ्रेड चेपलेत तर जुना जॉइंट टाकायचाच म्हणून चालेल, पण फक्त बूट बदलायला बसला असाल तर चांगला जॉइंट घालवून बसाल.

एक्सल गिअरबॉक्समधून पूर्ण काढायचा असेल तर आधी गिअर ऑइल काढून घ्या, नाहीतर ते अंगावर येणार, आणि नवं ऑइल सील हाताशी असू द्या. शाफ्ट गाडीवर ठेवूनही जॉइंट काढता येतो, पण मला व्हाइसमध्ये, जबड्यांना लाकडाच्या पट्ट्या लावून, बाकावर करणं जास्त पटतं, कारण स्वच्छता राहते. एक सांभाळा, शाफ्ट एका टोकाने लोंबकळत सोडायचा नाही, गिअर साइडचा जॉइंट आतमधून निसटतो.

बूटच्या क्लिपा कापा, बूट मागे सारा, ग्रीस पुसा. आता नीट बघा. काही जॉइंटमध्ये सर्क्लिप, खोबणीत बसणारी गोल क्लिप, दिसते, ती पकडीने उघडून धरावी लागते, तर काहींत ती आत लपलेली असते आणि जॉइंटच्या आतल्या भागावर पितळी दांडा धरून एक सरळ, जोरदार ठोका दिला की ती दबून जॉइंट निसटतो. तिरके पन्नास ठोके दिलेत तर पिंजरा वाकतो. शाफ्टच्या दात्यांवर नजर टाका, झिजून पायरी पडली असेल तर नव्या जॉइंटचा उपयोग नाही, शाफ्टच बदलायचा.

बसवताना नवी क्लिप घालायला आणि आधी बूट शाफ्टवर चढवायला विसरायचं नाही, लहान क्लिपसुद्धा. दात्यांच्या टोकांवर चिकटपट्टी गुंडाळून मग बूट सरकवा म्हणजे रबर आतून कापत नाही. जॉइंट दात्यांवर बसवून टोकावर जुना नट लावून लाकडावरून ठोका, क्लिप टक् करून बसली की मग तो ओढून बघा. ओढून बघितल्याशिवाय पुढे जायचं नाही, अर्धवट बसलेला जॉइंट दिसायला पूर्ण बसलेल्यासारखाच दिसतो आणि पहिल्या मोठ्या खड्ड्यात सुटतो.

ग्रीसवर थोडं थांबतो, कारण इथे सगळ्यात जास्त गडबड होते. या जॉइंटला काळं, मॉलिब्डेनम डायसल्फाइड घातलेलं सीव्ही जॉइंटचं (सीव्ही म्हणजे कॉन्स्टंट व्हेलॉसिटी, आपल्या याच जॉइंटचं नाव) ग्रीस लागतं. बॉल आणि चर यांच्यामध्ये दाब प्रचंड असतो, तिथे ग्रीसचा थर पिळून निघतो आणि मग धातू धातूला लागू नये म्हणून हे मॉलिब्डेनम काम करतं. डब्यातलं साधं पिवळं ग्रीस, चेसिसचं किंवा बेअरिंगचं, त्या कामाचं नाही. किटमध्ये जेवढं पाकीट येतं तेवढं सगळं वापरायचं, आधी बॉल आणि चरांमध्ये बोटाने दाबून दाबून, उरलेलं बूटमध्ये. जास्त म्हणजे चांगलं असं समजून बूट ठासून भरू नका, बूटला हलायला जागा लागते. जुनं आणि नवं ग्रीस मिसळायचं नाही, आणि धुतलेल्या जॉइंटमध्ये केरोसीनचा ओलावा राहू द्यायचा नाही.

बूट खोबणीत बसवल्यावर मोठी क्लिप आवळण्याआधी लहान स्क्रू ड्रायव्हर कडेखाली घालून आतली हवा बाहेर पडू द्या, मगच आवळा. हवा कोंडली तर बूट फुगून चाकाकडच्या भागाला घासतो, आत ओढला गेला तर घड्या एकमेकींना घासून फाटतात. बूट पिळलेला नाही ना बघा. क्लिपा स्टेनलेसच्या, तार किंवा प्लास्टिकचा टाय नको.

शेवटी नट. नवा नट गाडी वर असतानाच नीट आवळून बसवा, आणि शेवटचं आवळणं गाडी खाली घेतल्यावर, टॉर्क रेंचने. लहान गाड्यांत हा आकडा बहुधा 150 ते 250 न्यूटन-मीटरच्या मधे असतो, तुमच्या गाडीचा नेमका मॅन्युअलमधून घ्या, अंदाजाने पायाने दाबून नको. कमी आवळला तर बेअरिंग आणि दाते जातात, जास्त आवळला तरी बेअरिंगच. टॉर्क रेंच घरी नसेल तर कोणा मेस्त्रीकडून तासाभरासाठी मागून आणा, नाहीतर त्यालाच घरी बोलवा, तो तेवढ्यासाठी नक्की येईल. स्प्लिट पिन नवी, बॉल जॉइंटचा बोल्ट आवळला का ते पुन्हा एकदा, गिअर ऑइल काढलं असेल तर भरलं का ते. मग अंगणातून बाहेर काढून दोन्हीकडे पूर्ण वळवून गोल फिरा. शे-दोनशे किलोमीटरनंतर क्लिपा आणि बूट परत एकदा टॉर्चने बघा.

प्रश्न : जॉइंट बदलूनही आवाज गेला नाही. आता वेग वाढला की घोंऽऽ असा आवाज येतो आणि थोडं थरथरतं. चुकीचा पार्ट घातला असेल का?
— एक वाचक, मडगाव

उत्तर : हे दोन वेगळे आवाज वाटतात. सतत घोंघावणारा, वेगाबरोबर चढणारा, लेन बदलताना किंवा लांब वळणावर कमी-जास्त होणारा आवाज चाकाच्या बेअरिंगचा. नव्या जुवारी पुलाच्या वळणावर तो तुम्हाला स्वच्छ कळेल. जॉइंट बदलताना नट कमी-जास्त आवळला गेला असेल तर बेअरिंग तेव्हाच दुखावलं असू शकतं, त्यामुळे ज्यांनी काम केलं त्यांना आधी दाखवा. थरथर फक्त जोर देताना येत असेल आणि पाय काढला की थांबत असेल तर गिअर साइडचा जॉइंट बघा, त्यात बहुधा बॉल नसतात, तीन रोलर असतात आणि ते एका भांड्यासारख्या भागात पुढे-मागे सरकतात. थरथर ठरावीक वेगाला येऊन जात असेल तर चाकांचं बॅलन्सिंग. खड्ड्यात खाडकन वाजत असेल तर लोअर आर्मचा बॉल जॉइंट किंवा बुश, त्याचा एक्सलशी संबंध नाही.

प्रश्न : माझ्याकडे ओम्नी आहे. तिच्यात हा जॉइंट कुठे असतो? बूट शोधून दमलो.
— एक वाचक, फोंडा

उत्तर : तो नाहीच, म्हणून सापडला नाही. ओम्नी मागच्या चाकांवर चालते, पुढची चाकं फक्त वळतात. तुमच्याकडे खाली मागच्या चाकांकडे ताकद नेणारा लांब प्रोपेलर शाफ्ट आहे आणि त्याला क्रॉस, म्हणजे फुलीच्या आकाराचे सांधे, आहेत, अॅम्बेसेडर, प्रीमिअर पद्मिनीसारखेच. क्रॉस सरळ रेषेत छान चालतो, पण जास्त कोनात त्याचा वेग प्रत्येक फेऱ्यात दोनदा कमी आणि दोनदा जास्त होतो. मागच्या बाजूला कोन लहान असतो म्हणून ते चालून जातं, पण पुढच्या चाकाला वळायला चाळीस अंशांच्या आसपास कोन लागतो, तिथे क्रॉसने स्टीअरिंगला झटके बसले असते. म्हणून आल्फ्रेड झेपा नावाच्या फोर्डमधल्या इंजिनिअरने 1920 च्या दशकात सहा बॉलचा जॉइंट काढला, ज्यात बॉल नेहमी कोनाच्या बरोबर मधल्या पातळीत राहतात आणि दोन्ही बाजूंचा वेग सारखा राहतो. 1959 च्या ब्रिटिश मिनीमुळे तो छोट्या गाड्यांत सर्रास झाला आणि आपल्याकडे 1983 च्या डिसेंबरमध्ये मारुती 800 आली तिच्यामुळे घराघरात पोचला. तुमच्या ओम्नीत क्लच सोडताना खालून टक् असं वाजलं, किंवा शाफ्ट हाताने फिरवून ढिलाई जाणवली, तर क्रॉस बघून घ्या.

प्रश्न : आम्ही चोडणला राहतो, गाडी रोज फेरीबोटीतून रायबंदरला. भरतीच्या वेळी धक्क्यावर चाकं पाण्यात जातात. एवढ्याने एक्सल खराब होतो का?
— एक वाचक, चोडण

उत्तर : बूट धड असेल तर आत पाणी जात नाही, निश्चिंत राहा. पण मांडवीचं तिथलं पाणी खारं आहे, त्यामुळे क्लिपा, हब नट आणि एक्सलचं टोक यांना गंज तुमच्याकडे लवकर धरतो. क्लिप गंजून तुटली की बूट न फाटताही उघडा पडतो, हे लोकांच्या लक्षात येत नाही. आठवड्यातून एकदा चाकांच्या मागे साध्या पाण्याने धुवा, जोराचा प्रेशर वॉश बूटच्या तोंडावर सरळ मारू नका, तिथूनच पाणी आत शिरतं. बूटवर पेट्रोल, डिझेल, चकाकीसाठीचं तेल असलं काही लावू नका, रबर फुगून मऊ पडतं.

आणि फेरीत चढता-उतरताना एक सवय लावून घ्या. धक्क्याच्या उतारावर स्टीअरिंग पूर्ण वळवलेलं असताना जोरात क्लच सोडायचा नाही, कारण तेव्हा जॉइंटवर सगळ्यात जास्त ताण येतो, पूर्ण कोन आणि पूर्ण जोर एकाच वेळी. आधी थोडं हलवा, स्टीअरिंग जरा सरळ येऊ द्या, मग रेस द्या. मागून हॉर्न वाजले तरी वाजू देत. बूट मात्र तुम्ही वर्षातून दोनदा नाही, दर सर्व्हिसिंगला बघायला सांगा, पाऊस सुरू व्हायच्या आधी एकदा आणि चवथीला गावभर फिरायच्या आधी एकदा हे तर हवंच.